अटक ते कटक मधल्या कटकात चांदीची तार ओढताना

ओडिशाला जाणारी आपली मंडळी बहुतेक पुरी, कोणार्क, भुवनेश्वर आणि जमलं तर चिलका एवढं करून परत येतात आणि कटक राहूनच जातं, भुवनेश्वरपासून जेमतेम तीसेक किलोमीटरवर असूनसुद्धा. मला याचं फार वाईट वाटतं, कारण "अटक ते कटक" म्हणत म्हणत आपण लहानाचे मोठे झालो, १७५१ पासून १८०३ पर्यंत नागपूरकर भोसल्यांचा अंमल होता तिथे, आणि तरी ते गाव दिसतं कसं हे आपल्यातल्या फार थोड्यांना माहितीये. महानदी आणि काठजोडी या दोन नद्यांच्या मध्ये वसलेलं जुनं, दाट, गल्ल्यागल्ल्यांचं शहर. भुवनेश्वर राजधानी झालं ते स्वातंत्र्यानंतर, त्याआधी सगळा कारभार कटकातूनच चालायचा.

मी आणि माझी नणंद तिथे गेलो ते मात्र किल्ला बघायला नाही (बाराबाटी बघितलाच, पण तो वेगळा विषय), आम्ही गेलो तारकशीसाठी. तारकशी म्हणजे चांदीची अगदी बारीक तार ओढून, तिला पीळ देऊन, वळवून, जोडून केलेले दागिने आणि वस्तू. आपण ज्याला जाळीकाम म्हणतो तसं दिसतं, पण पत्रा कापून जाळी केलेली नसते, सगळी नक्षी तारेनेच भरलेली असते. २०२४ मध्ये कटकच्या रूपा तारकशीला जीआय टॅग मिळाला तेव्हापासून माझ्या डोक्यात होतं की एकदा हे नुसतं विकत न घेता स्वतःच्या हाताने करून बघायचं.

आता प्रवासातली वर्कशॉप्स म्हणजे काय असतात ते तुम्हाला माहितीये. बरीचशी अशी की तयार मणी, तयार हूक, आपण ओवायचं आणि फोटो काढायचा. त्याला नावं ठेवत नाही, लहान मुलांना घेऊन गेलात तर तेच बरं, पण मला ते नको होतं. मी आधीच फोनवर सांगितलं की चांदी वितळवण्यापासून बघायचंय आणि जे जे हातात देता येईल ते सगळं हातात हवंय, वेळ कितीही लागू दे. आमच्या होमस्टेवाल्या ताईंनी ओळखीतल्या एका कारागिराकडे पाठवलं, दुकान नाही, शोरूम नाही, बालू बाजारच्या बाजूला एका बोळात घराचीच पुढची खोली. कारागीर साठीच्या पुढचे, त्यांना सगळे मौसा म्हणत होते म्हणून आम्हीही मौसाच म्हणायला लागलो, आणि त्यांच्या बायकोला मौसी. हिंदी दोघांचीही थोडी, आमची ओडिया शून्य, पण हातात काम असलं की भाषा फारशी लागत नाही.

खोलीत गेल्या गेल्या पहिली गोष्ट जाणवली ती म्हणजे अंधार. एकच दिवा, खिडकी अर्धी बंद. मला वाटलं लाईट गेलेत. पण ते मुद्दामच असतं, चांदी तापवताना तिचा रंग बघून अंदाज घ्यायचा असतो आणि भर उजेडात तो मंद लाल रंग दिसतच नाही. हे समजल्यावर मी त्या खोलीकडे वेगळ्याच नजरेने बघायला लागले, तिथली प्रत्येक गोष्ट कुठल्या ना कुठल्या कारणाने तशी ठेवलेली होती.

मुशीत चांदी, वर चिमूटभर टाकणखार, खाली आच. शुद्ध चांदी ९६१ अंश सेल्सिअसच्या आसपास वितळते. तारकशीला चांदी चांगली शुद्धच लागते, नव्वद टक्क्यांच्या वर, कारण तांबं जास्त मिसळलं की धातू कडक होतो आणि एवढी बारीक तार निघायच्या आधीच तुटते. वितळलेली चांदी आरशासारखी लखलखते आणि मुशीत अक्षरशः थरथरत असते, मौसांनी ती लोखंडी साच्यात ओतली आणि थोड्या वेळाने पेन्सिलपेक्षा बारीक अशी कांडी आमच्या समोर आली. ती ठोकून, रोलरमधून काढून लांब करायची आणि मग खरी गंमत सुरू, जंतर. जंतर म्हणजे जाड पोलादी पट्टी आणि तिला ओळीने लहान लहान होत जाणारी भोकं. तारेचं टोक कानशीने निमुळतं करायचं, भोकातून घालायचं, पलीकडून पक्कडीत धरायचं आणि ओढायचं, मग त्याच्या पुढचं भोक, मग त्याच्या पुढचं, मग आणखी पुढचं. प्रत्येक वेळी तार थोडी बारीक होते आणि थोडी लांब होते. ओढताना मेण लावतात, नाहीतर ती किंचाळते, खरंच किंचाळते, तो आवाज मी विसरणार नाही.

हे काम मला हातात मिळालं आणि मी अगदी मनापासून केलं. खांद्यातून जोर लावावा लागतो पण झटका देऊन चालत नाही, एकसारखं, न थांबता मागे मागे जायचं. काही भोकांनंतर तार हट्टाला पेटते, ओढली जात नाही, कारण सतत दाबून दाबून चांदी कडक होते. मग ती गुंडाळी करून परत तापवायची, मंद लाल झाली की बाजूला, की ती पुन्हा मऊ. ओढा, तापवा, ओढा, तापवा. मौसी मध्येच येऊन माझ्या हाताला हात लावून म्हणायच्या, "धीरे, बेटी, धीरे."

मग पीळ. हा भाग मी आधी कुठेच नीट वाचला नव्हता, आणि माझ्या मते तारकशीचं सगळं सौंदर्य इथे आहे. दोन बारीक तारा एकत्र धरून लाकडी पाटावर ठेवतात आणि वरून दुसऱ्या लाकडाने घासत नेतात, आपल्याकडे आजी मांडीवर फुलवाती वळतात ना अगदी तसं, आणि बघता बघता दोघींचा घट्ट पीळ बसतो. ही पिळाची तार मग रोलरमधून काढून चपटी करतात. चपटी झाली की तिच्या कडेला अगदी बारीक बारीक दातेरी रेघा उमटतात, आणि ही पट्टी नक्षीत उभी बसवली की त्या दातांवर उजेड पडून सगळा दागिना चमचमतो. इतकी वर्षं मी तारकशीचे कानातले बघून म्हणत होते की याला पॉलिश काय छान आहे, तर त्या चमकेत पॉलिशपेक्षा या पिळाचा वाटा कितीतरी मोठा आहे.

मी पानाच्या आकाराचं पदक करायला घेतलं, नणंदेने कानातले. बाहेरची चौकट जाड तारेची, आतली मधली शीर त्याहून थोडी बारीक, आणि मग उरलेली रिकामी जागा पिळाच्या पट्टीने भरायची. चिमट्याच्या टोकावर वेटोळं करायचं, हवं तेवढं झालं की कापायचं आणि चौकटीत दाबून बसवायचं. ते नुसत्या ताणावर तिथे अडकून राहिलं पाहिजे, सैल असलं तर पुढे जोडताना हलतं. मौसी हे काम गप्पा मारत मारत करत होत्या, नजर आमच्याकडे आणि बोटं आपोआप चाललेली, एकेक वेटोळं शेजारच्याइतकंच. माझ्या पानाची एक बाजू भरायला दुपार गेली आणि मला त्याचं अजिबात काही वाटलं नाही, इतकं एकाग्र मी गेल्या कित्येक महिन्यांत कशातच झाले नव्हते. फोन कुठे ठेवलाय तेही आठवत नव्हतं.

जोडकामाला मात्र मौसांनी आम्हाला फक्त बघायला बसवलं आणि ते बरोबरच होतं. डाख म्हणजे चांदीत इतर धातू मिसळून केलेली, कमी आचेवर वितळणारी भुकटी, ती टाकणखारात मिसळून सगळ्या नक्षीवर भुरभुरवतात. मग फुंकणीने ज्योत वळवून दागिन्यावर. इथे खेळ फक्त काही क्षणांचा असतो, डाख वितळला पाहिजे पण चांदी नाही, आणि बारीक तार जाड चौकटीच्या कितीतरी आधी तापते. म्हणून ज्योत आधी चौकटीभोवती फिरत राहते, मधे येतच नाही, आणि अगदी शेवटी एकदाच आतून जाते. त्या एका क्षणात सगळ्या नक्षीवरून पाण्यासारखी चमक धावते, तिथे ज्योत बाजूला. मौसा तोंडाने फुंकणी फुंकत होते, गालात हवा धरून नाकाने श्वास घेत, म्हणजे ज्योत मधे तुटतच नाही. हे ते वयाच्या दहा-बाराव्या वर्षापासून करतायत म्हणाले.

छोटे गोल दाणे मात्र आम्ही स्वतः केले. कोळशावर तारेचा इवलासा तुकडा ठेवून आच दिली की तो वितळून आपोआप गोल मणी होतो. माझी नणंद फिजिक्स शिकवते, तिला इतका आनंद झाला की तिने लागणार होते त्याच्या तिप्पट दाणे करून ठेवले आणि मौसांनी ते जपून डबीत भरले, वाया काहीच जात नाही, टेबलाखाली चामडं बांधलेलं असतं त्यात कानशीचा चुराही गोळा होतो.

काम निवेपर्यंत गप्पा. कटकची दुर्गापूजा म्हणजे चांदी मेढा, देवीच्या मागे चांदीच्या तारकशीची भलीमोठी प्रभावळ. १९५६ साली चौधरी बाजारच्या पूजेत ती पहिल्यांदा झाली आणि मग एकेका पेठेने आपापली केली. ओडिसी नृत्यांगनांचे दागिने, तो कमरेचा बेंगपाटिया, हातातली कंकणं, तेही तारकशीचेच. म्हणजे पुण्यामुंबईत ओडिसीचा कार्यक्रम बघताना तुम्ही कटकच्या गल्लीतलं काम बघतच असता.

पण मौसांच्या घरातली पुढची पिढी यात नाही. मुलगा भुवनेश्वरला नोकरीला, भाचा शिकतोय पण राहील की नाही माहीत नाही. मला यामागचं एक कारण अगदी स्पष्ट दिसलं आणि त्यात आपण गिऱ्हाईकही आहोत. आपल्याला चांदी वजनावर घ्यायची सवय आहे, तोळ्याचा भाव काय आणि घडणावळ किती असं विचारायचं आणि घडणावळ जास्त वाटली की पुढच्या दुकानात जायचं. हुपरीच्या भरीव पैंजणाला ते गणित थोडंफार लागू पडेल, तारकशीला पडतच नाही. माझं पदक काही ग्रॅमचं आहे, त्यात चांदी नगण्य आणि काम सगळं. वजनाच्या हिशोबात ते महागच दिसणार, आणि शेजारी साच्यात ओतलेली त्याच नक्षीची नक्कल स्वस्त दिसणार. मला वाटतं तारकशीची किंमत नगावरच विचारावी, आणि ती कारागिराला परवडेल अशी असेल तर निमूट द्यावी.

नक्कल ओळखायची असेल तर दागिना उजेडाकडे धरा आणि मोबाईलच्या कॅमेऱ्याने झूम करून बघा. खऱ्या कामात प्रत्येक वेटोळ्याची कड वेगळी दिसते, पिळाच्या रेघा दिसतात, दोन वेटोळी कुठे टेकलीयेत ते कळतं. ओतीव कामात सगळं एकसंध, कडा गुळगुळीत आणि हाताला वजन जास्त लागतं.

जायचं असेल तर मुंबई-पुण्याहून कोणार्क एक्सप्रेस थेट भुवनेश्वरला जाते, तिथून कटकला बस आणि लोकल गाड्या भरपूर. थंडीत जा, उन्हाळ्यात त्या भट्टीशेजारी बसवणार नाही. कार्तिक पौर्णिमेला महानदीच्या काठी बालीजात्रा भरते ती साधलीत तर उत्तमच, पण दुर्गापूजेच्या आधी कारागिरांना श्वास घ्यायला वेळ नसतो तेव्हा शिकायला जाऊ नका. निदान एक पूर्ण दिवस ठेवा, आणि पैसे ठरवताना त्यांचा दिवसभराचा रोज बुडतोय हे धरून ठरवा. सकाळी पोटभर दहीबरा-आलूदम खाऊन जा, कटकात तो रस्त्यावर सायकलवर हंडे लावून विकतात आणि तसा मला भुवनेश्वरात मिळाला नाही.

आणि तारकशी घरी आणलीत तर टूथपेस्ट, ब्रश यातलं काहीही लावू नका, पांढरी पूड वेटोळ्यांत अडकून बसते. रिठ्याचं कोमट पाणी, त्यात थोडा वेळ बुडवून मऊ कुंचल्याने हलकं फिरवायचं, साध्या पाण्यातून काढून सुती कपड्यावर पूर्ण सुकू द्यायचं आणि झिपच्या पिशवीत हवा काढून ठेवायचं. मौसी त्यांच्या लग्नातल्या पाउंजी, म्हणजे पैंजण, अशाच ठेवतात, फक्त पिशवीऐवजी जुन्या सुती साडीच्या तुकड्यात.