हिराबाईंच्या एका फोटोसाठी पाच खेपा

वेबसाइट उभी करायला मला अर्धा दिवस लागला. तिच्यावर टाकायला हिराबाई बडोदेकरांचा एक फोटो मिळवायला अडीच महिने लागले. अजून आठवलं तरी डोकं तापतं.

जुन्या गायिकांची चरित्रं मराठीत एका जागी वाचायला मिळावीत एवढीच इच्छा होती. डोमेन, होस्टिंग सगळं घरबसल्या झालं. पहिलं पान केसरबाई केरकरांचं लिहिलं. त्यांची भैरवी असलेली तबकडी घेऊन व्हॉयेजर-१ यान ५ सप्टेंबर १९७७ ला अवकाशात निघालं आणि १६ सप्टेंबरला केसरबाई गेल्या. मधे फक्त अकरा दिवस. त्या तारखा टाइप करताना माझा हात थांबला होता.

मग हिराबाई. १९०५ चा मिरजेतला जन्म, वडील अब्दुल करीम खाँ, आई ताराबाई माने. बाईने तिकीट लावून जाहीर मैफल करावी हे लोकांच्या पचनी पडत नव्हतं, त्या काळात त्यांनी ते केलं. अशा बाईच्या पानावर इंटरनेटवरून उचललेला धूसर फोटो नको होता. पेठेतल्या एका ग्रंथसंग्रहालयात जुन्या मासिकात हवा तसा सापडला: तानपुरा घेऊन बसलेल्या, ताठ, नजर समोर.

अडलं ते परवानगीच्या फॉर्मवर. ‘वापराचा हेतू’ या रकान्यात तीनच पर्याय: पुस्तक, नियतकालिक, प्रबंध. खाली ‘प्रकाशकाचे नाव’. खिडकीतले गृहस्थ म्हणाले, “मॅडम, वैयक्तिक वेबसाइटला देत नाही. संस्थेच्या लेटरहेडवर आणा.” माझी संस्था नाही, मी एकटीच आहे, हे तीनदा सांगितलं. दुसऱ्या खेपेला साधा अर्ज दिला. तिसऱ्या खेपेला तो सापडेना, कारण मी आवक क्रमांक घेतला नव्हता. (अर्ज नेहमी दोन प्रतींत न्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का व क्रमांक घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.) चौथ्या खेपेला सही करणारे साहेब रजेवर. कोथरूडहून दोन बस बदलून आले होते, बाहेर पायरीवर बसून अक्षरशः रडले.

पाचव्या खेपेला आतल्या दालनात पुस्तकं लावणाऱ्या एका वयस्कर कर्मचाऱ्यांनी फॉर्म हातात घेतला. “ताई, इथे हाताने ‘इतर’ लिहा, पुढे वेबसाइटचा पूर्ण पत्ता. आणि प्रकाशक म्हणून स्वतःचं नाव घाला. प्रकाशित तुम्हीच करताय ना?” माझं नाव मी त्या रकान्यात लिहिलं तेव्हा फार बरं वाटलं. चाळीस मिनिटांत सही, पावती, स्कॅन.

स्कॅन मोठ्या आकारातच मागा, नंतर पुन्हा मासिक काढून देत नाहीत. चरित्रग्रंथांतले परिच्छेद उचलू नका, लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो. आणि हे आधीच सांगायला हवं होतं: मजकूर युनिकोडमध्येच (कुठल्याही संगणकावर नीट दिसणाऱ्या अक्षरपद्धतीत) टाइप करा. माझी जुनी टिपणं छपाईसाठीच्या जुन्या डीटीपी फाँटमध्ये होती, वेबसाइटवर चढवताच अक्षरांच्या जागी भलतीच चिन्हं उमटली.

फोटो आता हिराबाईंच्या पानावर सगळ्यात वर आहे, खाली मासिकाचं नाव आणि परवानगीची तारीख. मोगूबाई कुर्डीकरांच्या फोटोचा अर्ज सोमवारी देणार आहे. दोन्ही प्रती काढून ठेवल्यात.