ट्रिस्ट्रमच्या चर्चखालचे सोळा मजले

‘डायब्लो’ हा ब्लिझर्ड कंपनीचा संगणकावरचा खेळ १९९६ च्या अखेरीस आला. मी मात्र त्यातल्या ट्रिस्ट्रम गावात पहिल्यांदा पाऊल ठेवले ते यंदाच्या पावसाळ्यात, आणि मग तीन आठवडे रोज रात्री तिथल्या चर्चखाली उतरत राहिलो. मी योद्धा निवडला होता. ‘रोग’ (Rogue, म्हणजे धनुर्धारी स्त्री) किंवा जादूगार हे पात्र घेऊन जाणाऱ्यांची वाट तीच असली, तरी माझे काही हिशेब त्यांना बदलून घ्यावे लागतील.

गाव लहान आहे, पण नायकाला धावता येत नसल्यामुळे नदीपलीकडच्या एड्रिया चेटकिणीच्या झोपडीपर्यंतची एक खेपही जिवावर येते; म्हणून गावी परतण्याच्या जादूची एक तरी गुंडाळी कायम जवळ असावी. पेपिन वैद्य जखमा फुकट बऱ्या करतो. डेकार्ड केन अनोळखी वस्तू १०० मोहरा घेऊन ओळखून देतो, तर लाकडी पायाचा वर्ट ५० मोहरा नुसती वस्तू दाखवण्याचे घेतो आणि त्या परत देत नाही. वर संगीतकार मॅट उल्मन यांची बारा तारांची गिटार वाजत असते. पहिल्या रात्री मी बराच वेळ काहीही न करता ती ऐकत उभा होतो.

खाली चर्च, भुयारे, गुहा आणि नरक असे चार टप्पे असून प्रत्येकाचे चार मजले आहेत. दालनांची रचना दर खेळात नव्याने होत असल्याने कोणाचाही नकाशा तुमच्या उपयोगाचा नाही, आणि दुसऱ्या मजल्यावरचा खाटीक किंवा तिसऱ्यावरचा लिओरिक राजा प्रत्येक खेपेस भेटेलच असेही नाही. मला दोघेही भेटले. खाटकाच्या रक्ताळलेल्या खोलीचे दार मी उत्साहाने उघडले आणि चार-पाच फटक्यांत मेलो. त्यानंतर शिकलो ते असे, की घोळक्याशी नेहमी दाराच्या चौकटीत उभे राहून लढावे, म्हणजे एका वेळी एकच शत्रू समोर येतो. आणि हाडांच्या सापळ्यांसाठी तलवार बाजूला ठेवून गदा घ्यावी, कारण मृतांवर तलवारीचा प्रभाव निम्म्यावर येतो. गुहांतल्या पशूंच्या बाबतीत हे गणित नेमके उलटते. शस्त्र पूर्ण झिजले की कायमचे जाते, तेव्हा ग्रिसवोल्ड लोहाराकडे वेळेवर जावे. योद्ध्याला स्वतःलाही डागडुजी येते, पण तिने वस्तूची आयुर्मर्यादाच घटते. खेळाची जतन केलेली नोंद (सेव्ह) एका पात्रामागे एकच राहते, त्यामुळे शत्रूंनी वेढलेले असताना ती करणे म्हणजे स्वतःच्या हाताने दार लावून घेणे होय.

पंधराव्या मजल्यावरची लाझारस या धर्मगुरूची काठी केनकडे नेली, की पुढची वाट खुली होते. शेवटच्या मजल्यावर कळा फिरवून एकेक भाग उघडावा लागतो. तिथे घाई केल्यास सगळे सरदार एकदम अंगावर येतात. तिथला सैतान, म्हणजे डायब्लो, पडला तेव्हा मला आनंद झाला, पण तो क्षणभरच टिकला, कारण त्या राक्षसी देहातून लिओरिकचा लहानगा मुलगा आल्ब्रेख्ट निघाला आणि माझ्या योद्ध्याने त्याच्या कपाळातला, सैतानाचा आत्मा असलेला मणी उपसून स्वतःच्या कपाळात खुपसला. सैतानाला आपल्या अंगात कोंडून ठेवू, असा त्याचा समज होता. सोळा मजले मी ज्याला जपत, औषधे पाजत खाली नेले, त्याला नेमक्या याच जागी आणून सोडले होते. २०१२ च्या तिसऱ्या भागाने तर हा योद्धा लिओरिकचाच थोरला मुलगा एडन असल्याचे सांगितले, म्हणजे त्याने मारले ते त्याचेच घराणे. ही भर मला थोडी ओढूनताणून जुळवल्यासारखी वाटते.

२००० साली आलेला दुसरा भाग लगेच खेळायला घ्यावा, पण पहिल्याआधी मुळीच नको. त्यात हाच योद्धा काळ्या झग्यातला भटक्या होऊन पूर्वेकडे निघालेला असतो आणि त्याच्या मागावर असलेले आपण पुन्हा ट्रिस्ट्रमला पोहोचतो. घरे जळत असतात, केन पिंजऱ्यात टांगलेला असतो, वर्टच्या प्रेताजवळ त्याचा लाकडी पाय सापडतो. आणि ज्याच्याकडे मी तीन आठवडे तलवारी दुरुस्तीला देत होतो तो ग्रिसवोल्ड प्रेत होऊन चाल करून येतो.