फडके, खांडेकर आणि वर्गात आलेले दोघे

'कलेसाठी कला की जीवनासाठी कला' हा वाद पदवीच्या वर्गाला शिकवताना एका पारड्यात ना. सी. फडके, दुसऱ्यात वि. स. खांडेकर टाकून मोकळे होण्याची आम्हा मराठीच्या प्राध्यापकांना सवय आहे. १९४० च्या रत्नागिरी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष फडके, तर पुढच्याच वर्षी सोलापूरला खांडेकर, हा योगायोगही आमच्या पथ्यावर पडतो. विद्यार्थ्यांना त्यापलीकडचे काही ऐकायला मिळावे म्हणून मी गावातल्या दोन लेखकांना वर्गावर बोलावले होते.

त्यांपैकी कवी होते ते फडक्यांच्या बाजूचे. लेखकाने आधी तंत्र कमवावे, उपदेशाचे काम कीर्तनकारांवर सोडावे, असे त्यांनी फडक्यांच्याच 'प्रतिभासाधन' या पुस्तकाच्या आधाराने ठासून मांडले. कामगार चळवळीत वाढलेले कथाकार त्यावर उसळले. शिरोड्याच्या शाळेत १९२० ते १९३८ शिक्षकी करताना ज्या खांडेकरांनी गरिबी जवळून पाहिली, त्यांनी गुलाबी प्रेमकथा लिहीत बसायचे काय, असा त्यांचा सवाल होता. "तात्या, तुमच्या कवितेला घामाचा वास म्हणून येत नाही," असेही त्यांनी सुनावले. "आणि तुमच्या कथेतली माणसं जेवतानासुद्धा भाषण करतात, त्याचं काय?" तात्यांनी तिथल्या तिथे परतफेड केली. (खांडेकरांची सुभाषिते मलाही हल्ली जड जातात, पण तेव्हा बोलण्याची सोय नव्हती.)

मागच्या बाकावरची एक विद्यार्थिनी उभी राहिली. संततिनियमनाचा उघड पुरस्कार करणाऱ्या फडक्यांना जीवनाचे वावडे कसे म्हणायचे, आणि खांडेकरांना ज्ञानपीठ मिळवून देणारी 'ययाति' तर पुराणातल्या राजाच्या वासनेवरच उभी आहे ना, असे तिने विचारले. प्रश्न नेमका होता. गंमत म्हणजे इतका वेळ हमरीतुमरीवर आलेले दोघेही एकजुटीने तिच्यावर तुटून पडले. प्रचारासाठी लिहिलेला मजकूर आणि कादंबरी यांत गल्लत करू नकोस, असे तात्या म्हणाले आणि कथाकारांनी चक्क मान डोलावली. 'ययाति'तली भोगलालसा ही आजच्या माणसाचीच आहे, असे कथाकारांनी सांगितले, तेव्हा तात्यांनी दुजोरा दिला.

तासानंतर स्टाफरूममध्ये कथाकारांनी पिशवीतून तात्यांच्या नव्या संग्रहाची प्रुफे काढली. ऱ्हस्व-दीर्घाच्या दुरुस्त्या लाल शाईने केलेल्या होत्या. एका कवितेपुढे मात्र पेन्सिलीने 'पोकळ' असा शेरा होता. तात्यांनी तो वाचला, चष्मा कपाळावर चढवला आणि त्या शेऱ्यावरून चहा येईपर्यंत दोघांचे पुन्हा जुंपले.