‘असुंता स्पीना’ला पेटीची साथ

आपल्याकडे मूकपटांच्या काळात पडद्याजवळ पेटी आणि तबला वाजत असे, त्यामुळे एका चित्रपट मंडळाने साथीला बोलावले तेव्हा ते काम मला परके वाटले नाही. मात्र १९१५ सालचा इटालियन ‘असुंता स्पीना’ पुढे आला आणि संगीत नाटकांत अंगवळणी पडलेले साथीचे बरेचसे डावपेच निरुपयोगी ठरले.

साल्वातोरे दी जाकोमो यांच्या नाटकावर बेतलेला हा पट नेपल्समध्येच चित्रित झाला. त्यातली असुंता (फ्रांचेस्का बेर्तिनी) लोकांचे कपडे धुऊन इस्त्री करून देणारी, तर तिचा होणारा नवरा मिकेले (गुस्तावो सेरेना) खाटीक. नेपल्सच्या समुद्रकाठच्या पोझिलिपोच्या सहलीत ती रागाच्या भरात जुन्या चाहत्याबरोबर नाचते आणि मत्सराने बेभान झालेला मिकेले पुढे तिच्या चेहऱ्यावर वार करतो. वार क्षणात होऊन जातो. तेथे द्रुत तान घेतली तर ती पडद्यावरच्या सुऱ्याच्या मागे धावत राहते, म्हणून ती मी घेतलीच नाही.

खरी कसोटी न्यायालयाच्या प्रसंगात होती. ज्याने चेहरा विद्रूप केला त्यालाच वाचवण्यासाठी ती साक्ष देते, तरी त्याला दोन वर्षांची शिक्षा होते; मग फेदेरिगो नावाचा कोर्टातला अधिकारी त्याला नेपल्सच्याच तुरुंगात ठेवण्याची हमी देतो आणि बदल्यात तिलाच मागतो. बेर्तिनी येथे आक्रोश करत नाही, नुसती शाल आवळते. मी मंद्रातला, म्हणजे खालच्या सप्तकातला, षड्ज-पंचम धरला आणि भात्याचा दाब तिच्या हातांबरोबर कमीजास्त करत राहिलो. पडद्यावर येणाऱ्या संवादांच्या पाट्या मराठीतून वाचणाऱ्या बाई ती हमी वाचून दाखवत असतानाच पुढच्या रांगेतून कोणीतरी मोठ्याने म्हणाले, “नको गं ऐकूस त्याचं!” असा प्रतिसाद मला नाटकातही क्वचित मिळाला आहे.

शिक्षा संपण्याआधीच सुटून आलेला मिकेले फेदेरिगोला ठार करतो आणि असुंता तो खून स्वतःवर घेते. तबलजींना तेथे तिहाई (तीनदा वाजवून समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, संपणारा बोल) हवी होती, कारण त्यांच्या मते ते प्रेमातले बलिदान होते. मला मात्र ती फेदेरिगोची मागणी मान्य करून मिकेलेशी केलेल्या फसवणुकीची किंमत चुकवताना दिसते, आणि असा हिशेब समेवर येत नाही. प्रयोग माझ्या म्हणण्याप्रमाणे झाला. पुढच्या वेळी तिहाई घेऊनच दाखवतो, असे तबलजींनी वाद्ये आवरतानाच बजावले.