बत्तीस वर्षांनंतरचा रविवार, एनुगू

एनुगूच्या आमच्या सर्व्हिस सेंटरमध्ये रविवारी इमर्जन्सी सोडून कोणी काम करत नसे. नायजेरियाच्या पूर्व भागातलं हे शहर इग्बो लोकांचं, बहुतेक ख्रिश्चन. रविवारी सकाळी सगळं गाव चर्चमध्ये असतं. तरीही २ ऑक्टोबर २०१६ च्या रविवारसाठी आमच्या फोरमननी रीतसर लेखी रजा मागितली होती. कारणाच्या रकान्यात एकच शब्द होता: रेंजर्स.

त्यांना सगळे पापा म्हणत, मीही म्हणायचो. वय साठीच्या आत-बाहेर. मला ते 'ओगा' म्हणत, म्हणजे साहेब. डिझेल इंजिनाच्या कामात खरं तर ते माझे ओगा होते. मी कोल्हापूरच्या उद्यमनगरात वाढलेला, इंजिनाच्या आवाजावर वाढलो म्हटलं तरी चालेल; पण पापा नुसत्या धुरावरून सांगायचे की कुठला सिलिंडर मार खातोय.

फुटबॉलचं वेडही मला नवं नव्हतं. पाटाकडील आणि दिलबहारचा सामना असला की शाहू स्टेडियमवर काय वातावरण असतं, ते कोल्हापूरकराला सांगायला नको. आमच्या तालमींच्या संघांतून नायजेरियन पोरंसुद्धा खेळून गेली आहेत. त्यामुळे एनुगूला बदली झाल्यावर पहिल्याच आठवड्यात पापांची आणि माझी गट्टी जमली ती इंजिनावरून नाही, फुटबॉलवरून.

त्या रविवारी एनुगू रेंजर्सचा लीगमधला शेवटचा सामना घरच्या मैदानावर होता. समोर मैदुगुरीचा एल-कानेमी वॉरियर्स. जिंकले की विजेतेपद. यापूर्वी रेंजर्स लीग जिंकले होते १९८४ मध्ये. शहरात कितीतरी लोक असे होते की ज्यांचा जन्म त्यानंतरचा, लग्नंही झालेली, मुलंही झालेली, पण आपला क्लब विजेता झालेला त्यांनी कधी पाहिला नव्हता. नामदी अझिकिवे स्टेडियमला तिथे 'कॅथेड्रल' म्हणतात. त्या दिवशी सकाळची प्रार्थना आटोपली की माणसं थेट दुसऱ्या कॅथेड्रलकडे निघणार होती.

अकराच्या सुमाराला फोन वाजला. नाइन्थ माइलच्या पलीकडे एक मिशनचं हॉस्पिटल होतं. त्यांचा जनरेटर सुरू होऊन दोन-तीन मिनिटांत बंद पडत होता. लाईट आदल्या रात्रीपासून नव्हती. ऑपरेशन थिएटरमध्ये सिझेरियन चालू होतं आणि नवजात बाळांच्या खोलीत दोन इन्क्युबेटर होते. मी पापांना फोन करणार नव्हतो, दुसऱ्या मेकॅनिकला घेऊन निघालो होतो. पण आमच्या ड्रायव्हरने त्यांना कळवलं असावं. कोल कॅम्पच्या नाक्यावर पापा हातात टूलबॉक्स घेऊन उभे. अंगात रेंजर्सचा पांढरा-लाल शर्ट, त्यावर कामाचा डगला.

"सामना चारला आहे," गाडीत बसता बसता ते म्हणाले. "तोवर होईल."

कोल कॅम्पमध्ये आज गॅरेज आणि स्पेअर पार्टची दुकानं आहेत, पण ती वस्ती मुळात कोळसा खाणीतल्या कामगारांची. पापांचे वडील खाणीत होते. १८ नोव्हेंबर १९४९ ला इवा व्हॅलीत ब्रिटिशांच्या पोलिसांनी संपकरी खाणकामगारांवर गोळीबार करून २१ जणांना मारलं, तेव्हा ते तिथेच कामाला होते. एनुगू हे शहरच कोळशातून उभं राहिलं. त्या शहराच्या माणसाला इंजिन आणि आग दोन्ही कळतात, असं मला तिथे कायम वाटत आलं.

हॉस्पिटलला पोचलो तेव्हा सिस्टर दारातच होत्या. सिझेरियन बॅटरीच्या दिव्यांवर आणि मोबाइलच्या उजेडात पार पडलं होतं. आई ठीक होती, बाळ रडलं होतं. पण आत दोन बाळं वेळेआधी जन्मलेली होती. त्यांना आयांच्या छातीशी धरून गुंडाळलं होतं, आणि ऑक्सिजनचं मशीन चौकीदाराच्या घरगुती पेट्रोल जनरेटरवर कसंबसं चाललं होतं. ते यंत्र एवढंसं, दोन दिवे आणि एक पंखा चालवण्याच्या लायकीचं. सिस्टर म्हणाल्या, हेसुद्धा गरम होऊन थांबतंय.

पापांनी आधी वॉटर सेपरेटरचा, म्हणजे डिझेलमधलं पाणी वेगळं करणाऱ्या भांड्याचा, बोल्ट सैल केला. बाहेर आलं ते डिझेल नव्हतंच. काचेच्या बाटलीत धरलं तर खाली निम्म्याहून जास्त पाणी, वर डिझेलचा थर. शेवटचा ड्रम ज्याने कोणी दिला, त्याने पाणी विकलं होतं. फिल्टर चिखलासारखा काळा झालेला. टाकी पूर्ण रिकामी करून धुवायची, दोन्ही फिल्टर बदलायचे, लाइनमधली एअर काढायची. इथवर काम सरळ होतं. अडचण फिल्टरची होती. त्या वर्षी जूनमध्ये सरकारने नायराचा, म्हणजे तिथल्या चलनाचा, दर बाजारावर सोडून दिला. डॉलर सरकारी दराने तीनशेच्या वर आणि बाजारात साडेचारशेच्या पलीकडे. ऑगस्टअखेरीस देश मंदीत गेल्याचं जाहीर झालं. आमच्या गोदामात साध्या साध्या पार्टचे खोके रिकामे होते. माझ्याजवळ या मॉडेलचा एकच फिल्टर होता. दुसरा पापांनी आपल्या टूलबॉक्सच्या तळातून काढला, वर्तमानपत्रात गुंडाळलेला. त्यांनी तो कधीपासून जपून ठेवला होता कोण जाणे.

मेकॅनिकला स्वच्छ डिझेल आणायला जेरीकॅन घेऊन नाइन्थ माइलच्या पंपावर पाठवलं आणि आम्ही दोघं टाकी धुवायला बसलो. तेव्हा पापा बोलत होते. एरवी कामात ते गप्प असत. त्या दिवशी नव्हते.

एनुगू ही बियाफ्राची, म्हणजे इग्बोंनी नायजेरियातून फुटून काढलेल्या देशाची, राजधानी. ३० मे १९६७ ला बियाफ्रा वेगळा झाल्याची घोषणा झाली आणि ४ ऑक्टोबर १९६७ ला एनुगू नायजेरियन सैन्याच्या हाती पडलं. पापा तेव्हा लहान मुलगा होते. आईचं बोट धरून ते जंगलातून गावोगाव फिरले. धाकटी बहीण भुकेने गेली. पोट फुगलेली, केस तांबूस झालेली मुलं आपल्याकडच्या जुन्या माणसांनी तेव्हा वर्तमानपत्रातल्या फोटोत पाहिली असतील. त्यातलंच एक पोर माझ्यासमोर टाकीत हात घालून बसलं होतं.

जानेवारी १९७० मध्ये युद्ध संपलं. 'कोणी जिंकलं नाही, कोणी हरलं नाही' असं सरकारने जाहीर केलं. पण बँकेत ज्यांचे पैसे होते त्यांना, ठेव कितीही मोठी असो, सरसकट वीस पौंड हातावर ठेवले. पापांच्या काकांचं पोर्ट हार्कोर्टला घर होतं, ते 'सोडून दिलेली मालमत्ता' म्हणून गेलं. कोणी तक्रार कुठे करायची हेही माहीत नव्हतं.

त्याच वर्षी रेंजर्स उभा राहिला. मला हे पुन्हा पुन्हा आठवतं. घरांना छप्पर नव्हतं, शाळा बंद होत्या, आणि त्याच १९७० मध्ये या लोकांनी एक फुटबॉल क्लब काढला. त्यात युद्धातून परतलेली पोरं होती. नायजेरियात परत मिसळायचं तर मान खाली घालूनच, असं ज्यांना सांगितलं जात होतं, ती माणसं लागोस, इबादानच्या संघांसमोर उभी राहिली आणि जिंकू लागली. १९७४ ला लीग, १९७५ ला लीग. १९७५ मध्येच आफ्रिकेच्या क्लब चॅम्पियन्स कपच्या अंतिम फेरीत गेले आणि गिनीच्या हाफियाकडून हरले. मग १९७७, आफ्रिकेचा कप विनर्स कप. उपांत्य फेरीत इबादानचा शूटिंग स्टार्स, आदल्या वर्षीचा कप विजेता. गोलच होईनात, निकाल पेनल्टीवर गेला आणि रेंजर्स पुढे. अंतिम फेरीत कॅमेरूनचा कॅनन याउंडे, दोन सामन्यांत मिळून ५–२. कप विनर्स कप एनुगूला आला.

"गोलमध्ये ओकाला," पापा ओल्या हाताने उंची दाखवत म्हणाले. इमॅन्युएल ओकाला, साडेसहा फुटांच्या जवळपासचा गोलकीपर. आणि मधल्या फळीच्या मागे क्रिस्चियन चुक्वू, ज्यांना सगळे 'चेअरमन' म्हणत. पुढे १९८० ला नायजेरियाने पहिल्यांदा आफ्रिकन नेशन्स कप जिंकला तेव्हा देशाचा कर्णधार हाच चुक्वू. दहा वर्षांपूर्वी ज्या देशाविरुद्ध आपण लढलो त्या देशाची पट्टी आपल्या माणसाच्या दंडावर. हे सांगताना पापांचा आवाज चढला. मला वाटतं, इतिहासाच्या पुस्तकातली समेट नावाची गोष्ट त्यांच्या हाती खरोखर आली असेल तर ती तेव्हा.

नंतरची वर्षं उतरणीची. १९८१, ८२, ८४ ला लीग जिंकली आणि मग काहीच नाही. कोळसा खाणी थंडावल्या, सरकारी क्लबांचे पगार रखडू लागले, चांगला खेळाडू दिसला की तो बाहेर जाऊ लागला. जे-जे ओकोचा १९९० मध्ये रेंजर्सकडूनच खेळायला लागला आणि लगेच जर्मनीला गेला. एकच गोष्ट टिकली होती: लीग सुरू झाल्यापासून रेंजर्स कधीही खालच्या गटात गेला नाही. २०१५ च्या हंगामात तोही मान जायची वेळ आली होती, थोडक्यात वाचले. त्यानंतर इमामा अमापाकाबो हे प्रशिक्षक आले आणि बहुतेक अनोळखी पोरांचा संघ घेऊन एका वर्षात इथवर पोचले.

डिझेल आलं. फिल्टर बसवले, हाताच्या पंपाने लाइन भरली, बँजो बोल्ट सैल करून बुडबुडे थांबेपर्यंत एअर काढली. इंजिन लागलं आणि चाललंही, पण ठोके चुकत होते. पापांनी सिलिंडरमध्ये डिझेल फवारणाऱ्या एकेका इंजेक्टरची नट सैल करून पाहिली. चौथ्याला आवाजात काही फरक पडेना, म्हणजे तो काम करतच नव्हता. पाण्याने नोझल धरला होता. तेव्हा तीन वाजून गेले होते.

"पापा, आता तुम्ही निघा," मी म्हटलं. "गाडी घेऊन जा. इंजेक्टर मी बदलतो."

ते काही बोलले नाहीत. मी थोड्या वेळाने पुन्हा म्हटलं. तेव्हा त्यांनी पाना खाली ठेवला, खिडकीतून इन्क्युबेटरच्या खोलीकडे पाहिलं आणि म्हणाले, "ओगा, मी लहान असताना आमच्याकडे कोणी आलं नव्हतं." आणि परत इंजिनावर वाकले. मी त्यानंतर तो विषय काढला नाही.

स्पेअर इंजेक्टर बसवून, परत एअर काढून इंजिन सुरू केलं तेव्हा आवाज एकसारखा लागला. पण पापा लगेच लोड द्यायला तयार नव्हते. दहा मिनिटं रिकामं चालवलं. मग आधी दिवे, मग थिएटर, मग ऑक्सिजन, सगळ्यात शेवटी इन्क्युबेटर, प्रत्येक वेळी मीटरवर डोळे ठेवून. खोलीत दिवे लागले तसा बायकांचा "अप नेपा!" असा गलका झाला. वीज कंपनीचं ते जुनं नाव. लाईट आली की सगळा नायजेरिया अजून हेच ओरडतो. काचेच्या पेटीत बाळं परत ठेवली. सिस्टरनी पापांचे तेलकट हात हातात घेतले.

चौकीदाराने रेडिओ लावला होता, कोल सिटी एफएम. आम्ही जनरेटरच्या खोलीबाहेरच बसलो, कारण निदान तासभर मशीन नजरेखाली हवं होतं. समालोचक इंग्रजीतून इग्बोत आणि इग्बोतून पिजिन या तिथल्या मिश्र इंग्रजीत घसरत होता. इंजिनाच्या आवाजात मला अर्धं कळत नव्हतं. पण गोल कळायला भाषा लागत नाही. एक, दोन, तीन. चौथ्याला वॉर्डातल्या पेशंटचे नातेवाईक अंगणात नाचायला लागले. ४–०. समोरच्या एल-कानेमीबद्दलही मला वाईट वाटलं. बोको हरामच्या हिंसाचारामुळे त्या संघाला काही काळ घरचे सामनेसुद्धा आपल्या गावापासून दूर खेळावे लागले होते. पापांना तसं म्हटलं तर त्यांनी मान हलवली. "त्यांचीही वेळ येईल. येऊ दे."

पापा नाचले नाहीत. ते रेडिओजवळ गुडघ्यांवर बसले आणि मोठ्याने, अगदी मोकळेपणाने रडले. मग उठून तेलाची पातळी तपासली.

परतताना मिलिकेन हिलचा उतार धरला. खाली सगळं शहर पसरलेलं, हॉर्नचा कल्लोळ वरपर्यंत येत होता. ओगुई रोडवर गाडी पुढे सरकेना. पोरं ट्रकच्या टपावर, म्हाताऱ्या बायका पातेली बडवत. पापा खाली उतरले, डगला काढून माझ्याकडे फेकला आणि पांढऱ्या-लाल गर्दीत शिरले. कोणीतरी त्यांना ओळखलं, कोणीतरी खांद्यावर घेतलं.

पुढच्याच वर्षी रेंजर्स परत गाळात गेला. आफ्रिकेच्या चॅम्पियन्स लीगमध्ये इजिप्तच्या झमालेककडून बाहेर, लीगमध्ये तळाला, अमापाकाबोंना घालवलं. पापा प्रत्येक घरच्या सामन्याला जात राहिले. २४ ऑक्टोबर २०१८ ला असाबामध्ये नायजेरियाच्या कपची फायनल होती. मी तोवर कोल्हापूरला परतलो होतो. रात्री उशिरा फोन आला: कानो पिलर्सविरुद्ध तीन गोलनी मागे पडून ३–३ केले आणि पेनल्टीवर कप जिंकला. हा कप पस्तीस वर्षांनी. पापा स्टेडियमच्या बाहेरून बोलत होते, एकही वाक्य पूर्ण होत नव्हतं.

२०२४ मध्ये फिडेलिस इलेचुक्वूंच्या संघाने आठवी लीग जिंकली, तेव्हा पापा कॅथेड्रलमध्येच होते, नातवाला घेऊन. त्यांनी मला व्हिडिओ पाठवला. त्यात सामना दिसतच नाही. पोरगं कडेवर आहे आणि पापा त्याला बोटाने एकेक खेळाडू दाखवून नावं घोकून घेतायत.