मॅप बदल ना

"मॅप बदल ना," कुणीतरी म्हणालं.

रविवारची दुपार. व्हॅलोरंट या ऑनलाइन नेमबाजीच्या खेळाची कस्टम लॉबी, म्हणजे आपल्याच लोकांच्या सामन्याची खोली, मी उघडलेली, म्हणजे होस्ट मी. पाच इकडे, पाच तिकडे, आणि सलग तिसऱ्यांदा असेंट हाच मॅप, म्हणजे लढायची जागा. सामना संपला की सगळे पुन्हा लॉबीत येऊन पडतात. कुणी स्कोअरबोर्डवरून भांडत असतं, कुणाचा माइक चालू राहून मागचा पंखा ऐकू येत असतो. तेवढ्यात यादी उघडून दुसरं नाव निवडायचं, इतकंच काम. दोन क्लिक. माझा हात मात्र तिथे आला की अडतो. आजचं नाही, हे फार जुनं दुखणं आहे.

शब्दच बघा. "नकाशा बदल" असं आजवर एकानेही म्हटलेलं नाही. नकाशा भूगोलाच्या तासाचा. त्याची गुंडाळी सोडून खिळ्याला टांगायची आणि बाईंनी नाव घेतलं की पट्टीने नदी दाखवायची. नकाशावर बोट ठेवतात, मॅपमध्ये माणूस शिरतो. खेळात नकाशा म्हणण्याजोगं काही असेल तर तो कोपऱ्यातला मिनीमॅप, आणि त्याच्याकडे बघायची आठवण मला मेल्यावरच होते.

मी पहिल्यांदा मॅप बदलला तेव्हा दहा-अकरा वर्षांची असेन. चुलत भावंडांच्या घरी चार कॉम्प्युटर केबलने जोडलेले होते आणि त्यांवर काउंटर-स्ट्राइक १.६, हाही बंदुकांचाच खेळ. पैकी चौथा इतका जुना की मॅप लोड होईपर्यंत बाकीच्यांची पहिली फेरी संपलेली असायची. तो अर्थात माझा. सर्व्हर दादाच्या मशीनवर. दादाने सुरुवातीचे पैसे सोळा हजारांवर नेऊन ठेवलेले, त्यामुळे पिस्तुलाची फेरी, म्हणजे फक्त पिस्तूल परवडणारी पहिली फेरी, ही भानगडच आम्हाला ठाऊक नव्हती. तो कन्सोल, म्हणजे हुकूम टाइप करायची खिडकी, उघडायचा, काहीतरी खडखडवायचा आणि आम्ही सगळे वाळवंटातून उठून थेट बर्फात.

तो काय लिहितो ते मी त्याच्या खांद्यावरून बघून ठेवलं होतं. असं मला वाटत होतं. मग एकदा तो फोन घ्यायला उठला आणि मी त्याच्या खुर्चीत बसले. "मॅप" असं लिहिलं, पुढे सीएस_असॉल्ट हे मॅपचं नाव, आणि एंटर.

आतल्या खोलीतून जी बोंब उठली ती अजून कानात आहे. बाकीचे तिन्ही पडदे एकदम मुख्य मेनूवर. खेळणाऱ्यांतल्या एकाने बॉम्ब लावलेला होता, फुटायला थोडेच सेकंद उरले होते, आणि तो आयुष्यात पहिल्यांदा जिंकणार होता. निदान तो अजून तसंच सांगतो.

दादाने मला रागावून नाही, समजावून सांगितलं. त्यामुळे ते जास्त लागलं. हुकूम दोन. "मॅप" म्हटलं की चाललेला डाव मोडून नवा मांडला जातो आणि जोडलेले सगळे बाहेर फेकले जातात. "चेंजलेव्हल" म्हटलं की सर्व्हर सगळ्यांना सोबत घेऊन पुढच्या ठिकाणी जातो. पुढे कधीतरी कळलं की हा भेद दादाचा नाही आणि काउंटर-स्ट्राइकचाही नाही. तो १९९६च्या क्वेक या खेळापासून चालत आलेला. क्वेकच्या इंजिनावरून हाफ-लाइफ हा खेळ उभा राहिला आणि हाफ-लाइफवर १९९९ साली हौशी लोकांनी काउंटर-स्ट्राइक रचला. कुण्या प्रोग्रामरने हे दोन हुकूम वेगळे ठेवायचं ठरवलं तेव्हा त्याच्या डोक्यात फक्त तांत्रिक सोय असणार. माझ्या डोक्यात मात्र ते कायमचे माणसांचे दोन स्वभाव होऊन बसले. आपल्या ओळखीत दोन्ही प्रकारचे लोक असतात. जाऊ दे.

चार जणांत रंगत येत नसे म्हणून आम्ही बॉट, म्हणजे कॉम्प्युटरच चालवतो ते खेळाडू, घ्यायचो. बॉटांची एक गंमत होती. नवा मॅप पहिल्यांदा लावला की खेळ थांबायचा आणि पडद्यावर यायचं की बॉट मॅप शिकताहेत. कुठून कुठे जाता येतं ते आधी, मग "लपायच्या जागांचा अभ्यास चालू आहे" अशा अर्थाची ओळ, पुढे टक्के चढत जायचे. चौथ्या मशीनसमोर बसून मी ते टक्के बघत राहायचे. मला त्यात काही नवल वाटत नसे, कारण आम्ही मुलंही कुणाच्या नव्या घरी गेलो की पाणी प्यायच्या आधी तेच करायचो. पलंगाखाली किती जागा आहे, गच्चीच्या दाराला आतून कडी आहे का, कपाट उघडताना करकरतं का. मोठी माणसं खाली "ये गं, बस गं" म्हणत असायची आणि आमचा वरपर्यंत अभ्यास पुरा झालेला असायचा. लपंडाव सुरू व्हायच्या आधीच. राज्य कुणावरही येवो.

नव्या मॅपवर मला चकवा लागतो. जिथून निघाले तिथेच परत. २०२४च्या जूनमध्ये व्हॅलोरंटचा अबिस आला, त्याला कडेला कठडेच नाहीत. तोल गेला की सरळ खाली. आमच्या पहिल्या सामन्यात गोळीने मेले त्यापेक्षा पडून मेले जास्त, आणि त्या पडणाऱ्यांत मी दोनदा. शिवाय नव्या जागेला नावं नसतात. असतात, पण आपली नसतात. मग "अरे तो तिकडे, त्या खोक्यापाशी, नाही, दुसऱ्या खोक्यापाशी" असं सगळं, आणि ते सांगून होईपर्यंत सांगणाराही मेलेला. महिनाभराने त्या खोक्याला कुणाचं तरी नाव चिकटतं, बहुधा तिथे सर्वांत जास्त वेळा मेलेल्याचं, आणि मग ती जागा आपली होते.

काउंटर-स्ट्राइकचा डस्ट२ हा मॅप मात्र मी झोपेतही चालू शकते. मिडच्या दारांमधली फट, तिच्यातून दिसणारी सावली, बोगद्यात शिरताना बदलणारा पावलांचा आवाज. डेव्ह जॉनस्टनने आधी डस्ट केला, १९९९ मध्ये, तेव्हा तो विशीच्याही आत होता. डस्ट२ आला २००१ साली. म्हणजे एका पोराने रचलेल्या गल्ल्यांमध्ये जगभरातल्या पोरांनी वीस-पंचवीस वर्षं ये-जा केली. स्पर्धांच्या सात मॅपांतून तो २०१७ मध्ये काढला, २०१८ मध्ये परत घेतला, २०२२ मध्ये पुन्हा काढला, २०२४ मध्ये पुन्हा घेतला. रुसून गेलेल्या पाहुण्याला दारातून परत आणावं तसं.

व्हॅलोरंटमध्येही हेच. २०२२च्या जूनमध्ये पर्ल हा मॅप आला आणि स्प्लिट या मॅपला नेहमीच्या सामन्यांच्या रांगेतून बाहेर काढलं, ते थेट पुढच्या जानेवारीपर्यंत. तेवढे सहा-सात महिने स्प्लिटवर पूर्ण सामना खेळायचा तर कस्टम. कस्टमच्या बाहेर मॅप यंत्र निवडतं. वाईट आला तर यंत्राला शिव्या द्यायच्या आणि खेळायचं. कस्टममध्ये तो माणूस निवडतो, त्यामुळे शिव्यांना पत्ता असतो. माझा.

पण मी अडते ती शिव्यांमुळे नाही.

इतकी वर्षं होस्ट असल्यामुळे मला एक गोष्ट कळली आहे: चालू सामन्यातून कुणी जात नाही. घरचे हाका मारोत, डोकं दुखो, बारा फेऱ्या हरलेल्या असोत, माणूस चिकटून बसतो. जातात ते दोन सामन्यांच्या मध्ये. आणि मधला वेळ सर्वांत जास्त कधी ताणतो, तर मॅप ठरवताना. एक म्हणतो हेवन, तिथे तीन साइट, म्हणजे बॉम्ब लावायच्या जागा, म्हणून दुसरा नको म्हणतो. तिसऱ्याला बाइंडचे टेलिपोर्टर आवडत नाहीत. कुणी म्हणतं मतं घ्या. आणि त्या गोंधळात एक शांत आवाज येतो, "चला, तुम्ही खेळा, मी निघतो." एक निघाला की दुसऱ्यालाही आठवतं की उद्या लवकर उठायचंय. पाच मिनिटांत लॉबीत मी आणि यादी.

दादाने हे तेव्हाच ओळखलं असणार. शेवटच्या सुट्टीत त्याने वेळेची मर्यादा शून्यावर नेऊन ठेवली होती. शून्य म्हणजे मॅप आपणहून संपतच नाही. डस्ट२, सकाळपासून. कुणी काही ठरवायचं नाही, कुणी उठायचं नाही. मी चौथ्या मशीनवर, आणि पहिल्यांदाच सगळ्यांच्या बरोबरीने, कारण पुन्हा लोड करायची वेळच आली नाही. पुढच्या वर्षी दादा शिकायला बाहेर गेला आणि केबल कुणीतरी गुंडाळून माळ्यावर टाकली.

"अगं, बदलतेयस ना?"

मी यादी उघडली होती. हेवन, बाइंड, स्प्लिट, अबिस. नऊ जण गप्प होते, म्हणजे आता कुणीतरी बोलणार होतं. मी यादी मिटली आणि स्टार्ट दाबलं.

"परत असेंट?" एकजण ओरडला.

"हो, चुकून," मी म्हटलं.

दहाच्या दहा आले.