मेंढरांची वाट सरकारी मालकीची

स्पेनमध्ये फक्त मेंढरा-गुरांच्या वाटांसाठी कायदा आहे, 1995 सालचा. या वाटा सरकारी मालकीच्या. त्या विकता येत नाहीत, जप्त होत नाहीत आणि कुणी कितीही वर्षं नांगरून पिकवल्या तरी त्यांवर वहिवाट लागत नाही. मोठ्या वाटेची रुंदी 75 मीटर! हे कळलं तसा आटपाडीला आप्पांना, मेंढरं राखणाऱ्या माझ्या चुलत्यांना, फोन लावला. म्हणाले, "आमाला धा फूट दिली तरी बास हाय."

ऑक्टोबरात इथं राजधानी माद्रिदच्या ऐन मध्यातून मेंढरं नेतात. पोलीस गाड्या थांबवतात. महापालिकेपुढे मेंढके जुना कर भरतात, हजार मेंढरांमागे 50 मारावेदी (जुनी नाणी), 1418 च्या करारातला दर. इथल्या राजानं 1273 मध्येच मेंढक्यांच्या संघटनेला सनद दिली होती. फुटपाथवर उभ्या उभ्या तो लोकरीचा, लेंड्यांचा वास नाकात गेला आणि पोटात कालवलं.

तरी इथलं सगळंच सोन्याचं नाही. बहुतेक कळप आधी रेल्वेत चढले, मग ट्रकमध्ये. वाटा ओस पडल्या म्हणून 1994 मध्ये हा उत्सव सुरू करावा लागला. माद्रिदजवळच्या गलियाना वाटेवर तर मोठी वस्तीच उभी आहे. आपले वाडे, म्हणजे मेंढरांसह फिरणारी धनगरांची बिऱ्हाडं, दिवाळी झाली की आजही कोकणाकडे चालतच निघतात. घोड्यावर बिऱ्हाड, त्यात नुकतं जन्मलेलं कोकरू फक्त मान बाहेर काढून बसलेलं. संध्याकाळी कुणाच्या तरी रानात वाघर (जाळीचं कुंपण) लावून मेंढरं बसवायची. रात्रभराच्या लेंडी-मुताचे शेतकरी पैसे देतो, नाहीतर धान्य. पावसाच्या तोंडावर माघारी फिरायचं, कारण कोकणच्या पावसात मेंढराचे खूर कुजतात. हे कुणी उत्सवासाठी करत नाही, आणि याचा मला अभिमान आहे.

पण चालायचं कुठून? टेंभू सिंचन योजनेचं पाणी आलं, माणदेशाचं भलं झालं, माझ्या मामांचं डाळिंबही त्यावरच उभं आहे. मात्र जिथं मेंढरं चरायची त्या माळांना तारेची कुंपणं पडली. मागं एका घाटात आप्पांचा कळप अडवून पावती फाडली. "डांबरीनं न्यावीत तर गाड्या अंगावर येत्यात, रानातनं न्यावीत तर दंड. मग जायाचं कुठनं?" याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. राज्य सरकारच्या महामेष योजनेत 20 मेंढ्या आणि 1 मेंढा 75 टक्के अनुदानावर मिळतो, चांगलंच आहे. वाट मात्र कुठल्याच योजनेत मिळत नाही.

गावाकडे विचारतात, एवढा कळवळा आहे तर तू का नाही मेंढरं राखलीस? माझी फी आप्पांनी कोकरं विकून भरली, मी मेंढरामागं जाऊ नये म्हणूनच. दरवर्षी लसीचे आणि औषधांचे पैसे मी पाठवतो. माझ्या मते तेही राखणंच आहे.

शेतकऱ्याला बांधावरून रस्ता मागायला महसूल संहितेचं कलम 143 आहे. पाणंद रस्ते मोजून खुले करता येतात, तर कराड-पाटणवरून कुंभार्ली घाटानं चिपळूणला उतरणारी मेंढरांची वाटही मोजता येईल. आप्पांना विचारून त्यांचे मुक्काम मी लिहून काढतोय: गाव, ओढा, कुणाचं रान, पाणी कुठं. जत, कवठेमहांकाळ, माण, खटाव, जिथून वाडे निघतात तिथल्यांनी आपापल्या म्हाताऱ्यांकडून त्यांची वाट लिहून घ्या, जमलं तर गट नंबरासकट. तहसीलदारापुढे ठेवायला आधी कागद लागतो.